गारखेड्याच्या विहिरीतले तीन हात

गारखेड्याच्या विहिरीत त्र्यंबक मास्तरांनी मला तीन हातांनी फसवलं. मालकानं फसवलं नाही, मजुरांनी नाही, निजामाच्या दरोग्यानंही नाही. एका शिकलेल्या माणसानं पाटी-पेन्सिल घेऊन, भर दुपारी, दहा जणांच्या देखत फसवलं. तेवढ्यावर भागलं असतं तर मी गप्प बसलो असतो. विहिरीला पाणी लागलं, माझंही बरं चाललं, आणि या वयात दोन वेळा जेवून दोन माणसांशी भांडायला मला अजून दम आहे. पण ती फसवणूक आता छापून निघाली आहे आणि शाळेतली मुलं ती सोडवतात. म्हणून या दिवाळी अंकाच्या संपादकांनी 'धंद्यातल्या चार गमती लिहा' म्हटल्यावर मी लगेच हो म्हणालो. गमती लिहितो. मास्तरांचंही लिहितो.

माझा धंदा विहिरी खोदून देण्याचा. निजामाच्या अमदानीत औरंगाबादेत आणि आसपासच्या खेड्यांत मी विहिरी खोदल्या. सुरुवात मातीच्या टोपल्या उचलण्यापासून केली. शाळेत गेलो नाही. सरकारी शाळेत उर्दू, खाजगी शाळेत मराठी, आणि दोन्हीकडे माझ्यासारख्याला जागा नव्हती. अक्षरं मी तिशीत शिकलो. उर्दू कादरभाईंकडून आणि मराठी औरंगपुऱ्यातल्या दुकानांच्या पाट्यांवरून. आकडे मात्र त्याच्या कितीतरी आधी येत होते, कारण आमच्या कामात आकडा चुकतो वरच्याचा आणि मरतो खालचा.

ज्यांनी विहीर फक्त वरून वाकून पाहिली आहे त्यांच्यासाठी थोडं सांगतो. आम्ही हातात मोजतो. हात म्हणजे कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतचं अंतर. प्रत्येकाचा हात वेगळा, म्हणून मी एक बाभळीची काठी केली होती, तिच्यावर हातांच्या खुणा कोरल्या होत्या आणि दोन्ही टोकांना लोखंडी टोपणं बसवली होती, कुणी झिजवायला नको म्हणून. ही काठी मी कुणाला देत नसे.

खरी अडचण काठीची नसते. विहिरीतून निघालेली माती, मुरूम, दगड जातात कुठं? तिथंच काठावर. त्याच मातीतून पुढं धाव करायची असते. धाव म्हणजे मोटेचे बैल चालतात तो उतार. त्यामुळं महिनाभरात तळ खाली जातो आणि काठ वर येतो. मालकानं काठावरून दोर सोडला तर जे माप येतं त्यात आम्ही खोदलेलं असतं आणि आम्ही नुसतं टाकलेलंही असतं. निम्मे ठेकेदार या ढिगावर जगत. पहिली दोन वर्षं मीही जगलो. खोटं कशाला सांगू?

मला त्यातून बाहेर काढलं कादरभाईंनी. कादरभाई आमचे सुरुंगवाले. खडक लागला की त्यात पहारीनं भोक पाडायचं, दारू ठासायची, वात लावायची, पेटवायची आणि दोराला लटकून वर यायचं, हे त्यांचं काम. माझ्याहून आठ वर्षांनी मोठे, सडपातळ, आणि बोलणं असं की रागावलेला माणूसही हसायचा. एकदा त्यांनी मला ढीग धरून माप सांगताना पकडलं. मालक गेल्यावर म्हणाले, "मालिक को कित्ता भी बोल, वो तेरा ईमान. पर नीचे मैं रहता हूं. मेरे को सच्चा माप होना. कित्ता ऊपर आना है, मालूम होना ना?"

त्यांनीच मला खिळा शिकवला. कुदळ घालायच्या आधी, जमीन कोरी असताना, जवळच्या मोठ्या झाडाच्या खोडात एक जाड खिळा ठोकायचा. जमिनीपासून बरोबर चार हात उंच. म्हणजे ढीग कितीही वाढला तरी खिळा त्याच्या वरच राहतो. माप घ्यायच्या दिवशी खिळ्यापासून विहिरीवर दोरी ताणायची, पाणसळ लावून ती सपाट आहे ना बघायचं, आणि त्या दोरीपासून तळापर्यंत ओळंबा सोडायचा. जे येईल त्यातून चार वजा. राहील ती कोऱ्या जमिनीपासूनची खोली. पोरालाही समजेल इतकं सोपं. मास्तराला समजलं नाही, ते पुढं सांगतो.

या खिळ्यानं मला नाव मिळवून दिलं. औरंगपुऱ्यात एक वकीलसाहेब होते. त्यांच्या परसातली विहीर पंचवीस हात खोल, आणि कोरडी. गल्लीपलीकडच्या अत्तरवाल्याची विहीर एकवीस हात, आणि तिला बारा महिने पाणी. वकीलसाहेबांचं म्हणणं, अत्तरवाल्यानं जमिनीखालून बोगदा मारून त्यांचं पाणी पळवलं. दावा लावायची कागदपत्रं तयार होती. मला बोलावलं ते बोगदा शोधायला.

मी म्हटलं, "वकीलसाब, दावा दोन दिवस थांबवा. मला तुमच्या परसापासून त्यांच्या अंगणापर्यंत दोरी ताणू द्या."

गल्लीतून आडवी दोरी गेली. एक टांगेवाला अडकून पडला, त्यानं माझ्या सात पिढ्यांचा उद्धार केला, मीही त्याच्या घोड्याला सोडलं नाही. पण माप निघालं. वकीलसाहेबांचं परस अत्तरवाल्याच्या अंगणापेक्षा सहा हात उंच होतं.

"आता बघा," मी म्हटलं. "तुम्ही पंचवीस गेलात, पण सुरुवातच सहा हात वरून केली. अत्तरवाल्याच्या अंगणातून धरलं तर तुम्ही एकोणीसच खाली गेलात. त्यांचा झरा एकविसावर आहे. तुम्ही दोन हात अलीकडं थांबलात."

वकीलसाहेबांनी दाव्याची कागदपत्रं गुंडाळली. मग म्हणाले, "म्हणजे तो मला फसवत नव्हता?"

"तुम्हाला तुमचं जोतं फसवत होतं."

सत्ताविसाव्या हाताला पाणी लागलं. अत्तरवाल्यानं दोन्ही घरी गुलाबाच्या कुप्या पाठवल्या. मी वकीलसाहेबांशी वेगळीच बोली केली होती: पाणी लागलं तर माझे करारनामे इथून पुढं ते फुकट लिहून देतील. ते म्हणाले, तू वकिलाशी घासाघीस करतोस? मी म्हटलं, दुसऱ्या कुणाशी करण्यात मजा नाही. त्यांनी शब्द पाळला. माझ्या प्रत्येक कागदात त्यांनी स्वतःच्या हातानं 'कोऱ्या जमिनीपासून, खिळ्याच्या मापानं' असं घातलं. विहीर किती खोल, हे विचारायच्या आधी कुठून खोल हे विचारावं, एवढं ते माझ्याकडून शिकले.

आता गारखेडं. आज तिथं वसाहत उभी आहे. तेव्हा ते शहराबाहेरचं साधं खेडं होतं आणि बापूसाहेब तिथले मोठे शेतकरी. माणूस सरळ, पण समोरचा आपल्याला लुटतोय अशी कायमची शंका. त्यांच्या मळ्यात एका कडुलिंबाजवळ विहीर काढायची ठरली. कागदात अठरा हात लिहिले. अठरापर्यंत मी खोदून देईन, पाणी लागो न लागो. त्यापुढं जायचं तर नवी बोली. लिंबाच्या खोडात खिळा मी बापूसाहेबांच्या समोर ठोकला, आणि घणाचा शेवटचा घाव त्यांनाच घालायला लावला.

त्र्यंबक मास्तर तिथंच खाजगी मराठी शाळा चालवायचे. संध्याकाळी मळ्यात येऊन बसायचे. पहिल्याच भेटीत त्यांनी माझी परीक्षा घेतली.

"दहा हात खोल विहीर आहे. तळाशी बेडूक आहे. दिवसा तीन हात चढतो, रात्री दोन हात घसरतो. किती दिवसांत बाहेर येईल?"

दहा दिवस म्हणेल आणि आपण हसू, असा त्यांचा बेत होता. मी म्हटलं, "आठव्या दिवशी."

"कसं?"

"सात दिवसांत सात हात. आठव्या दिवशी तीन चढला की आला काठावर. काठावर बसलेला बेडूक परत विहिरीत घसरायला तो काय मास्तर आहे?"

बापूसाहेब हसले. मजूर हसले. मास्तर हसले नाहीत. कादरभाई दारूचा डबा पुसत होते, ते म्हणाले, "वो बेंडकच पागल है. बारिश तक रुक जाता तो पानीच ऊपर लाके छोडता." त्यावर सगळे आणखी हसले. उत्तर बरोबर होतं, पण ते देण्याची पद्धत माझ्या स्वभावाची होती. ही पहिली चूक माझी, ती मी मान्य करतो.

काम महिनाभर चाललं. शेवटच्या दिवशी सकाळी मी माप घेतलं. दोरीपासून तळ बावीस हात. चार वजा, अठरा. कागद पुरा झाला. त्याच वेळी कादरभाईंनी खालून मला खुणेनं सांगितलं होतं की खडकाला ओल आहे, एका सुरुंगात पाणी फुटेल. त्यांनी लगेच भोक पाडायला घेतलं. ओलीची गोष्ट मी बापूसाहेबांना बोललो नाही. बोली करताना सगळं आधी सांगायचं नसतं. मी एवढंच म्हटलं, "अठरा झाले. पुढं जायचं तर नव्यानं बसून बोलू."

बापूसाहेबांनी विहिरीत वाकून पाहिलं. "अठरा कुठं झाले, रंगनाथ? मला तर कमी दिसतंय."

"विहीर वरून कमीच दिसती. उतरून बघा."

"मी कशाला उतरू? मास्तर हायेत की. मास्तर, तुमीच सांगा."

मास्तरांना तेच हवं होतं. पाटी मांडीवर घेतली आणि मला शाळेत विचारावं तसं विचारायला लागले.

"दोरीपासून तळ किती?"

"बावीस."

"दोरी जमिनीपासून किती उंच?"

"चार."

"बाविसातून चार गेले, राहिले अठरा."

"झालं की मग."

"थांब. काठावरचा हा ढीग किती उंच आहे?"

"तीन हात."

"ढीग म्हणजे विहीर नव्हे. तो धरता येणार नाही. अठरातून तीन गेले, राहिले पंधरा. बापूसाहेब, विहीर पंधरा हात आहे. कागदाप्रमाणं तीन हात अजून याच्याकडं बाकी आहेत."

मी सुरुवातीला शांतपणे सांगितलं. दोरी ढिगाच्या वर फक्त एक हात आहे. दोरीपासून कोऱ्या जमिनीपर्यंत चार, त्या चारात ढिगाचे तीन आलेच. ते एकदा वजा झाले. एकच गोष्ट दोनदा कशी वजा करता?

"हात लावून बघा, मास्तर. ढिगावर उभे राहा आणि दोरीला हात लावा."

"गणितात हात लावून बघत नाहीत."

मजूर हसले, आणि या वेळी माझ्यावर हसले. मला त्या क्षणी एकच करायचं होतं. काठावरून दोर सोडायचा. काठ कोऱ्या जमिनीपेक्षा तीन हात वर, म्हणजे तळ काठापासून एकवीस हात भरला असता, सगळ्यांनी मोजला असता, आणि मास्तर पाटी घेऊन घरी गेले असते. तेवढ्याला चार मिनिटं लागली असती. मी ती चार मिनिटं मास्तरांच्या शेंडीपासून त्यांच्या शाळेपर्यंत सगळं काढण्यात घालवली. आयुष्यात मी बऱ्याच लोकांवर ओरडलो आणि बहुतेकांना त्याचा फायदाच झाला. त्या दिवशीचं ओरडणं मात्र मला परत घेता आलं तर घेईन.

शेवटी मी विहिरीत ओरडलो, "कादरभाई, वर या. इथं काम संपलं."

खालून आवाज आला, "भरेला सुरुंग छोडके नै आता मैं. कोई बच्चा उतरा तो मरेगा. तू जा, ठंडा होके आ."

हा त्यांचा नियम होता. ठासलेला सुरुंग उडवल्याशिवाय ते विहीर सोडत नसत. मला तो नियम माहीत होता. तरी मी निघालो. वर वात मोजून कापायची, दोर ओढणाऱ्यांना इशारा द्यायचा, हे माझं काम. ते सोडून मी शहराच्या रस्त्याला लागलो.

इथं दोर ओढण्याची रीत सांगायला हवी. कादरभाई फळीवर बसत. फळीचा दोर वरच्या चाकावरून येऊन सहा माणसांच्या हातात. ती माणसं विहिरीकडं पाठ करून धावेच्या उतारानं खाली चालत जात. ती जितके हात चालली, तितके हात कादरभाई वर. वात पेटली की काठावर कुणी थांबायचं नाही, त्यामुळं माणूस वर आला की नाही हे बघायला तिथं कुणी नसतं. म्हणून मी उतारावर एक मेख ठोकून ठेवत असे. पुढचा गडी मेखेपाशी पोचला की कादरभाई काठाशी आले समजायचं, थांबायचं. त्या दिवशी मेख एकवीस हातांवर होती. अठरा विहिरीचे, तीन ढिगाचे.

मी गेल्यावर मास्तरांनी ती मेख पाहिली. त्यांच्या हिशेबात विहीर पंधरा आणि ढीग तीन, म्हणजे अठरा. एकवीस कशाला? त्यांनी मेख उपटून अठरा हातांवर ठोकायला लावली. आकडा पाटीशी जुळेना, म्हणून जमिनीतली खूण हलवली. आणि मोजायला माझीच काठी वापरली, जी मी रागाच्या भरात लिंबाला टेकवून विसरलो होतो.

मी बराच पुढं गेल्यावर मला काठी आठवली. मला कादरभाईंची काळजी वाटली आणि मी धावत परत आलो, असं इथं लिहायला मला आवडलं असतं. तसं झालं नाही. काठी मास्तरांच्या हातात राहील या विचारानं माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली आणि मी वळलो.

मळ्यात पोचलो तेव्हा बापूसाहेब, मास्तर आणि बाकी सगळे लांब लिंबाखाली उभे होते. सहा जण दोर घेऊन उतारानं चालत होते. वात पेटलेली होती. पुढचा गडी मेखेपाशी आला आणि थांबला. मी त्याच्या पुढं पाहिलं. तीन हातांवर जमिनीत एक ताजं भोक होतं. माझ्या मेखेचं.

विहिरीतून आवाज येत होता. "अरे खींचो रे! लटकारें क्या मेरे को?"

मी ओरडलो, "अजून तीन हात! ओढा!"

पुढचा गडी म्हणाला, "मास्तरांनी हितंच थांबाया सांगितलंय. तुमचं ऐकायचं नाय म्हणलेत."

वात मी नेहमी दुपटीनं कापत असे. वर यायला जितका वेळ, तितकाच वर शिल्लक. कादरभाईंनी त्या दिवशी वात स्वतः कापली, आणि तशीच कापली. त्या शिलकीवरच ते जगले. मी त्या गड्याशी बोललो नाही. त्याच्या पुढं जाऊन दोर धरला आणि उताराला लागलो. मागचे आपोआप ओढले गेले. एक हात, दोन हात, तीन. माझा पाय माझ्या मेखेच्या भोकात गेला आणि मी थांबलो. मागं वळलो तेव्हा कादरभाई काठावर हातांनी रेटून ढिगावरून गडगडत होते. ते ढिगाच्या पायथ्याला पोचायच्या आत विहिरीनं दणका दिला.

धूर निवल्यावर मी त्यांना उठवून बसवलं. अंगावर धूळ, कपाळावर एक खरचटलेलं, बाकी काही नाही. डाव्या कानातून रक्ताचा एक थेंब आला होता.

"वापस कायको आया?" त्यांनी विचारलं.

"काठी राहिली होती."

त्यांना ऐकू आलं नाही. मला ते तीनदा ओरडून सांगावं लागलं, सगळ्यांच्या देखत. चौथ्यांदा मी उजव्या बाजूला जाऊन सांगितलं. ते हसायला लागले.

"अच्छा हुआ. मेरे वास्ते आता तो सोचते सोचते देर करता."

विहिरीत पाण्याचा आवाज येत होता. झरा फुटला होता, चांगला मनगटाएवढा. बापूसाहेब काठावर गेले, मग माझ्याकडं आले. मी काठावरून दोर सोडला. सुरुंगाचे दगड तळाशी पडलेले, तरी बापूसाहेबांनी स्वतः मोजले, वीस हात आणि वर एक वीत. पुढं दगड काढल्यावर ते एकविसाच्या पलीकडंच भरले.

"रंगनाथ," ते म्हणाले, "तुझा खिळा खरा. काय पाहिजे ते माग."

मी बोली करणारा माणूस. एवढी सोपी बोली मला आयुष्यात परत मिळाली नाही. मी म्हटलं, "हे झाड उभं आहे तोवर हा खिळा कुणी काढायचा नाही. तुम्ही नाही, तुमच्या पोरांनी नाही." त्यांनी लिंबाला हात लावून कबूल केलं.

मास्तरांना मी विचारलं, आता बोला. ते म्हणाले, "माझी वजाबाकी बरोबर आहे. दोर ओढणाऱ्यांनी चाल धरली नाही."

पुढं निजामाचं राज्य गेलं, मोटा गेल्या, इंजिनं आली. मी आणि कादरभाईंनी आणखी बऱ्याच विहिरी केल्या. सुरुंग मात्र त्यांनी सोडला, कारण एका कानानं खालून वरचा इशारा कळत नाही. ते माझ्याबरोबर वर बसायला लागले. रोज संध्याकाळी आम्ही अजून औरंगपुऱ्यात एका कट्ट्यावर बसतो. मी त्यांच्या उजव्या बाजूला. ज्यांना ऐकायचं नसतं त्यांना ते डाव्या बाजूला बसवतात. आमचं उत्तम चाललं आहे.

तर गेल्या ईदला शिरखुर्मा प्यायला त्यांच्या घरी गेलो. त्यांची मुलगी फातिमा मराठी शाळेत शिक्षिका आहे. तिनं अंकगणिताचं एक पुस्तक माझ्यापुढं ठेवलं. कर्ते आमचे त्र्यंबक मास्तर.

"चाचा, हे वाचा. ही तुमचीच विहीर आहे ना?"

मी वाचलं. जसंच्या तसं उतरवतो:

'गारखेडे येथील विहिरीवर एक दोरी ताणली आहे. दोरीपासून तळ बावीस हात आहे. दोरी मूळ जमिनीपासून चार हात उंच आहे. विहिरीच्या काठावर तीन हात उंचीचा मातीचा ढीग आहे. तर मूळ जमिनीपासून विहीर किती खोल? एका अडाणी विहीरवाल्याने अठरा हात असे उत्तर दिले. त्याची चूक किती हातांची?'

शेवटच्या पानावर उत्तर होतं: पंधरा हात, तीन हात.

फातिमा म्हणाली, "मी दर वर्षी पंधराला बरोबरची खूण करत आलेय, चाचा. यंदा एका मुलीनं अठरा लिहिलं. मी फुली मारली. ती उभी राहून म्हणाली, बाई, चारात तीन आलेच की. मी घरी येऊन कागदावर चित्र काढलं, आणि मग अब्बांना विचारलं. तर अब्बा नुसते हसत बसले."

"अडाणी," मी म्हटलं.

"क्या बोला?" कादरभाईंनी विचारलं.

"अडाणी लिहिलंय मला."

"वो तो सही है," ते म्हणाले. "पर अठरा भी सही है."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं मास्तरांकडं गेलो. त्यांनी गारखेड्याच्या नव्या वसाहतीत बंगला बांधला आहे. आम्हाला चहा दिला, आधी पाणी दिलं. पाणी गोड होतं. कुठलं म्हणून विचारलं तर म्हणाले, वसाहतीच्या विहिरीचं, मोटार लावली आहे. खिडकीतून लिंब दिसत होता.

मी पुस्तक उघडून समोर ठेवलं. त्यांनी चष्मा लावला, वाचलं, चष्मा काढला.

"रंगनाथ, इतक्या वर्षांनी काय हे? आणि तुझ्या त्या खिळ्यावर भरवसा ठेवायचा कसा? झाड वाढतं. झाडाबरोबर खिळाही वर गेला असणार."

"झाड शेंड्याला वाढतं, मास्तर. खोड नुसतं जाड होतं. खिळा आत जातो, वर जात नाही. चला, दहा पावलांवर आहे, काठी आणली आहे. मोजू."

"ऊन आहे," ते म्हणाले.

आम्ही दोघंच गेलो. खिळ्याचं डोकं सालीनं जवळजवळ गिळलं आहे, पण बोट लावलं की लागतं. जमिनीपासून चार हात. कादरभाईंनी काठी धरली, मी वाचलं. या वेळी मी ओरडलो नाही.

त्र्यंबक मास्तर हा अंक दर वर्षी घेतात, हे मला माहीत आहे. पुस्तकाची नवी आवृत्ती निघते आहे, हेही माहीत आहे. मला अडाणी म्हटलं त्याचं मला काही नाही. पण ज्या मुलीला अठरा लिहिल्याबद्दल फुली मिळाली, तिला मास्तरांनी उत्तर द्यावं. चारातले तीन दोनदा कुठं गेले ते सांगावं. एकवीस हातांवरची माझी मेख त्यांनी कुणाला विचारून उपटली ते सांगावं. आम्ही रोज संध्याकाळी कट्ट्यावर असतो. त्यांनी यावं, कादरभाईंच्या उजव्या बाजूला बसावं आणि सांगावं. डाव्या कानानं त्यांना ऐकू येत नाही, आणि ते का येत नाही याचंही उत्तर त्र्यंबक मास्तरांनीच द्यायचं आहे.